तिसऱ्या अंकातला निर्दोष

होमराज शहारे आयुष्यभर निर्दोष होता आणि त्यावरच त्याचं पोट चालत होतं.

विदर्भाच्या पूर्वेकडे जिथे भात पिकतो आणि जंगल संपत नाही, त्या झाडीपट्टीत धान कापून झालं की नाटकांचा हंगाम सुरू होतो. गावात शंकरपट भरला, म्हणजे बैलांच्या शर्यती झाल्या, की रात्री नाटक हवंच. बाकीचं जग घरबसल्या डोळ्यांवर चष्मे चढवून नाटकाच्या आत शिरायला लागलं, तेव्हाही झाडीतला प्रेक्षक मांडवात पोतं अंथरून, शाल पांघरून, शेजाऱ्याच्या खांद्यावर डोकं टेकून रडत होता. त्याला रडवायचं काम होमराजकडे होतं. नाटक कुठलंही असो, तिसऱ्या अंकात होमराजवर आळ यायचा. कधी देवीचा मुकुट चोरल्याचा, कधी थोरल्या भावाला विष घातल्याचा. मग तो गुडघे टेकायचा, उजवा हात छातीवर ठेवायचा आणि शेवटच्या रांगेतल्या म्हातारीलाही ऐकू जाईल अशा आवाजात म्हणायचा, "मी निर्दोष आहे!" बायका पदर डोळ्यांना लावायच्या. पुरुष तंबाखू मळायचे थांबायचे.

खोटा आळ आलेला माणूस लोकांना फार आवडतो, यात शंका नाही. पण त्यातली गंमत अशी, की नाटकातल्या माणसाचा निर्दोषपणा पडदा उघडायच्या आधीच पोस्टरवर छापलेला असतो. त्याच्यावर विश्वास ठेवायला काही मोजावं लागत नाही. पोस्टर नसलेला निर्दोष माणूस शेजारी राहायला आला, तर हेच लोक आधी दाराला कडी लावतात.

होमराजला हे कळायला मोहटोल्याचा प्रयोग व्हावा लागला.

मोहटोल्याच्या शंकरपटात पहिल्या आलेल्या जोडीला चांदीच्या शेंब्यांचा मान होता. शेंब्या म्हणजे बैलाच्या शिंगांच्या टोकांवर बसवायच्या टोप्या. मान वर्षभर जोडीवाल्याकडे राहायचा आणि पुढच्या पटाला गावाकडे परत यायचा. झाडीत नाटकाआधी उद्घाटक असतो, सहउद्घाटक असतो, दीप लावणारा वेगळा असतो, आणि ज्यांना यातलं काहीच मिळालं नाही त्यांच्यासाठी दोन अंकांच्या मध्ये सत्कार असतो. तसा तो झाला. पट समितीचे अध्यक्ष यादोराव नाकाडे यांनी शेंब्या स्टेजवरून सगळ्यांना दाखवल्या, बक्षीस सकाळी वाजतगाजत द्यायचं जाहीर केलं, भाषण केलं, आणखी थोडं भाषण केलं आणि टाळ्यांच्या गजरात शेंब्या घेऊन विंगेत गेले. सकाळी बक्षीस द्यायच्या वेळी शेंब्या नव्हत्या.

शोधाशोध झाली. शेंब्या सापडल्या होमराजच्या वेशभूषेच्या पेटीत, राजपुत्राच्या मखमली कोटाखाली. पेटीला कुलूप होतं आणि किल्ली होमराजच्या करगोट्याला.

ज्या लोकांनी रात्री त्याच्यासाठी रुमाल भिजवले होते, त्यांनीच सकाळी त्याची कॉलर धरली.

"मी निर्दोष आहे!" होमराज म्हणाला. सवयीने गुडघेही टेकले.

"बस कर बे," गर्दीतून कोणीतरी म्हणालं. "हे काल पाह्यलं आमी."

जामिनावर सुटून तो घरी आला, तेव्हा त्याची बायको देवांगना उपकेंद्रावरून नुकतीच परतली होती. ती तिथे नर्स होती. इतकी वर्षं लोकांची दुखणी ऐकून तिला खरं कण्हणं आणि रजेसाठीचं कण्हणं यातला फरक दारातूनच कळायचा.

"तुमी घेतल्या का?" तिने विचारलं.

"देवांगना, मी निर्दोष आहे."

"नाटकातलं नको. साधं सांगा."

होमराजने साधं सांगायचा प्रयत्न केला. पण आवाज आपोआप पोटातून यायला लागला. 'नाही'च्या आधी एक थांबा आला, तो तर टाळी घेणारा होता.

"हात खाली ठेवा," देवांगना म्हणाली.

त्याने पाहिलं. उजवा हात छातीवर होता.

"मी तुमाले चोर नाही म्हनत," ती म्हणाली. "पन तुमी असं बोलता, तेव्हा मले तुमी दिसतच नाही. तो पोस्टरवाला दिसते. आता त्याच्यावर कसा इश्वास ठेवू? तो तर कोनाचाच नवरा नाही."

दोन दिवसांनी ती उपकेंद्राच्या क्वार्टरमध्ये राहायला गेली. रागावून नाही. लसीकरणाची मोहीम आहे म्हणून. मोहीम खरीच होती. फक्त दर वर्षी ती घरूनच पार पडायची.

एरवी हे प्रकरण कोर्टात गेलं असतं आणि तिथल्या कूर्मगतीने सगळे पक्षकार वारेपर्यंत चाललं असतं. पण तोवर राज्यात साक्षीयंत्र आलं होतं.

साक्षीयंत्राची कल्पना साधी होती. डोळ्यांनी पाहिलेलं, हातांनी केलेलं सांगताना मेंदूतला हिप्पोकॅम्पस नावाचा भाग आधी जागा होतो. आठवणींची कोठी तीच. खोटं बोलताना कपाळामागचा भाग आधी जागा होतो, कारण खरं दाबून ठेवायचं आणि त्या जागी दुसरं काही रचायचं, ही दोन्ही कामं त्याच्याकडे असतात. आणि पाठ केलेलं बोलताना हे दोघेही निवांत असतात. सायकल चालवायची, नाडी बांधायची सवय मेंदूत जिथे खोल मुरलेली असते, तिथूनच शब्द आपले आपण बाहेर पडतात. डोक्यावर बसवलेल्या टोपातले संवेदक मेंदूतल्या सूक्ष्म चुंबकीय लहरी टिपायचे आणि कोण आधी जागं झालं ते सांगायचे. आठवण असेल तर हिरवा दिवा, बनाव असेल तर लाल, पाठांतर असेल तर पिवळा.

इथपर्यंत विज्ञान होतं. पुढे नियम सुरू झाले. पढवलेला साक्षीदार ही आपल्या न्यायालयांची जुनी डोकेदुखी असल्यामुळे नियम करणाऱ्यांनी पिवळ्याला लालच्याच पंगतीत बसवलं. खरं बोलणाऱ्या माणसाला पाठांतर कशाला लागतं, असा त्यांचा रोखठोक सवाल होता. नियम करणाऱ्यांपैकी कोणी झाडीपट्टीचं नाटक पाहिलेलं नसावं.

जिल्ह्याच्या तपास केंद्रात होमराजच्या डोक्यावर टोप चढला. समोर तपास अधिकारी भोयर आणि यंत्राची जबाबदारी असलेल्या डॉ. अश्लेषा टेंभुर्णे.

"शेंब्या तुम्ही घेतल्या का?" भोयरांनी विचारलं.

"नाही."

पिवळा.

"कोणी पढवून आणलंय तुम्हाला?"

"लेखकांनी पढवलं साहेब. पन ते आता हयात नाहीत."

भोयर हसले नाहीत. "दुसऱ्या शब्दांत सांगा."

होमराज म्हणाला, माझा काही संबंध नाही. पिवळा. देवाशपथ सांगतो. पिवळा. माझ्या हातून असं पाप होणार नाही. गडद पिवळा. त्याने हिंदीतून सांगितलं, पण हिंदीतून सांगणारा फौजी त्याने तीन हंगाम केला होता. इंग्रजीतून सांगितलं, तर मध्ये एक बॅरिस्टर येऊन गेलेला निघाला. शेवटी तो नुसताच खाली मान घालून गप्प बसला. दिवा तरीही पिवळा झाला, कारण त्याचं ते गप्प बसणं तर वन्समोअर घेणारं होतं.

त्यानंतर अध्यक्ष यादोराव नाकाडे टोप घालून बसले. "शेंब्या तुम्ही त्या पेटीत ठेवल्या का?" "छे! मी कायले ठेवू?" हिरवा. इतका सुंदर हिरवा, की भोयरांनी त्यांना चहा मागवला.

पिवळा आलेल्याला एक फेरचाचणी मिळायची. तीही उघड्या सभागृहात, मोठ्या पडद्यावर दिवा दाखवून, म्हणजे कोणी संशय घ्यायला नको. तिथेही पिवळा आला तर प्रकरण थेट शिक्षेच्या सुनावणीला जायचं.

डॉ. टेंभुर्णेंनी होमराजला व्हरांड्यात गाठलं. त्या नागपूरच्या होत्या, तरुण होत्या, आणि आपलं यंत्र नेमकं काय करतं हे केंद्रात फक्त त्यांनाच ठाऊक असल्यामुळे त्यांना कोणी काही विचारत नसे.

"शहारे, 'मी केलं नाही' हे तुमच्या मेंदूत इतकं खोल रुतलंय, की त्याच्या मागे आठवण आहे की बनाव, ते यंत्राला दिसतच नाही. मी तसं लिहून दिलंय. पण नियमात पिवळ्याला कारण विचारायची सोय नाही."

"मग मी काय बोलू म्याडम?"

"जे तुम्ही आजवर कधीच बोलला नाहीत, असं काही."

होमराजने विचार केला. "निर्दोष मानसाले बोलता येते आनि मी बोललो नाही, असं मराठीत काई शिल्लक नाही."

हंगाम भरात होता. नाटक कंपनीने त्याच्या जागी दुसरा निर्दोष घेतला होता. होमराज वडशाच्या बाजारात आलुबोंड्याच्या गाडीपाशी बसला होता, तेव्हा टेकचंद कापगते येऊन शेजारी टेकला. टेकचंद कंपनीचा खलनायक. स्टेजवर त्याने जितकी घरं बुडवली, तितकी कुठल्या पुरानेही बुडवली नसतील. एरवी तो कोंबडीही दुसऱ्याकडून कापून घ्यायचा. होमराजला भेटायला येणारा तो एकटाच उरला होता.

"मी जाऊन सांगतो बे," टेकचंद म्हणाला. "चोरी मी केली म्हनतो. माह्या थोबाडावर लोकायचा पटकन इश्वास बसते."

"तुझंही पिवळं येईन. दर रातच्याले चौथ्या अंकात तू कबुली देतेस."

"हाव, हे बी खरं." टेकचंदने तर्रीत बोंडा बुडवला. "तसं पाह्यलं तर तुझं काम सोपं, होम्या. नाही नाही म्हनत रडाचं आनि टाळ्या घ्याच्या. कबूल कराले जिगर लागते लेका. साऱ्या मांडवासमोर 'होय, मीच तो नराधम' म्हनून पाह्य एकदा. तू जलमात कधी..."

तो थांबला, कारण होमराजने बोंडा खाली ठेवला होता.

"काय झालं? तिखट लागलं?"

"टेक्या, मी जलमात कधी कबुली देल्ली नाही."

"तेच सांगून राह्यलो ना."

"एकाही नाटकात नाही. एका ओळीची नाही."

टेकचंदला समजायला अर्धा बोंडा लागला. मग तो उभाच राहिला. "अरे! मंग चल, मांग बसू. एकदा तालीम करून घेऊ."

"नको!" होमराज असा ओरडला, की गाडीवाल्याच्या हातातला झारा तेलात पडला. "तालीम केली का मेलो!"

फेरचाचणीला सभागृह तुडुंब भरलं होतं. मोहटोल्याहून लोक ट्रॅक्टर भरभरून आले होते. काहींनी पोती आणली होती, पण खुर्च्या पाहून ती त्यांनी नाइलाजाने खुर्चीवर अंथरली. इतकी गर्दी त्या हंगामात कुठल्याच कंपनीला झाली नव्हती. होमराजने टोप चढवण्याआधी सवयीने प्रेक्षकांवरून नजर फिरवली. मधल्या रांगेत, नर्सच्या पांढऱ्या साडीत, देवांगना बसली होती. तिचा चेहरा वाचता येत नव्हता.

इतक्या वर्षांत तो पहिल्यांदाच तालीम न करता प्रेक्षकांसमोर बसला होता.

धोका साधा नव्हता. आरोपीने कबुली दिली की चाचणी तिथेच बंद करायची, कबुलीला यंत्र कशाला, असा नियम होता. आणि टेकचंदची कबुली होमराजने विंगेतून हजारदा ऐकली होती. ती कानातून मेंदूत मुरली असेल तर? दिवा पिवळा झाला असता, आणि पिवळी कबुलीसुद्धा कबुलीच. ऐकणं वेगळं आणि बोलणं वेगळं, जिभेची सवय कानाला लागत नाही, बहुतेक नाहीच, असं डॉ. टेंभुर्णेंनी सांगितलं होतं. होमराजला त्यांच्या साऱ्या बोलण्यातून आता एवढाच एक 'बहुतेक' आठवत होता.

"शेंब्या तुम्ही घेतल्या का?" भोयरांनी विचारलं. प्रश्न विचारतानाच त्यांनी पिवळा लिहायला पेन उघडलं होतं.

होमराजने तोंड उघडलं. आवाज पोटातून आला नाही. तो कुठून आला हे त्यालाही कळलं नाही. घोगरा होता, बारीक होता, पाचव्या रांगेपर्यंतही पोचला नसता.

"हो. मी घेतल्या. चोरी मीच केली."

देवांगना अर्धवट उठली. भोयरांचा हात यंत्राच्या खटक्याकडे गेला. "कबुली आली. चाचणी बं..."

पडद्यावर लाल दिवा लागला.

लाल म्हणजे बनाव. टोमॅटोसारखा, मिरचीसारखा, लग्नातल्या शालूसारखा लालभडक दिवा सभागृहभर पसरला.

"खटका बंद करू नका," डॉ. टेंभुर्णे शांतपणे म्हणाल्या. "आरोपी खोटं बोलतोय. आपल्याला खोटं पकडायचाच पगार मिळतो."

भोयरांनी हात मागे घेतला. त्यांच्या नोकरीत असं कधी झालं नव्हतं. "म्हणजे... तुम्ही शेंब्या घेतल्या?"

"घेतल्या ना साहेब!" होमराजला आता सूर सापडायला लागला होता. "खिशात घातल्या."

लाल.

"मंग पेटीत लपवल्या."

लाल.

"सोनाराशी बोलनंही करून ठेवलं होतं."

लाल! मागून शिट्टी आली. ती शिट्टी खलनायकाची होती, हे होमराजने ओळखलं. मग त्याला राहवेना.

"मोहटोल्याचा तलावही मीच चोरला!" लाल. "मागच्या साली ग्रामपंचायतीचा रस्ता नाही का गायब झाला? तोही मीच!"

लाल. सभागृह हसून हसून खुर्च्यांवरून घसरत होतं. रस्त्याच्या उल्लेखावर मात्र पहिल्या रांगेतले दोघे-तिघे हसले नाहीत.

"शांतता!" भोयरांनी टेबल बडवलं. "ठीक आहे. यांनी घेतल्या नाहीत. पण कुलूप यांचं, किल्ली यांची. मग शेंब्या आत गेल्या कशा?"

"मी एक इचारू का?" मधल्या रांगेतून देवांगना म्हणाली. ती पूर्ण उभी होती. "अध्यक्षसाहेबांना तुमी काय केलं नाही ते इचारलं. त्या राती काय आठवते, ते इचारा ना. आमच्याकडे पेशंटले आमी तसंच इचारतो."

यादोराव नाकाडे पुन्हा टोप घालून बसले. टोप त्यांना चांगला दिसत होता.

"सत्कारानंतरचं काय आठवतं?"

"काहीच नाही जी."

हिरवा.

"काहीच नाही?"

यादोरावांनी पहिल्या रांगेतल्या आपल्या बायकोकडे पाहिलं आणि दिव्याकडे पाहिलं. दोन्हीकडून सुटका नव्हती. "मोहाची जराशी घेतली होती. उद्घाटकासाठी आनली होती, पन उद्घाटक पथ्यावर निंघाला."

लखलखीत हिरवा. मांडव हसला, म्हणजे सभागृहच, पण आता त्याचा मांडव झाला होता.

"पेटी आठवते का?" देवांगनानेच विचारलं. भोयरांनी तिला थांबवलं नाही.

यादोरावांनी डोळे मिटले. मग त्यांचे ओठ हलले. "एक पेटी होती... कुलूप लटकून होतं, उघडं. आत मखमली कोट. मी म्हनलं, चांदीले मखमलच पाह्यजे." हिरवा. "आनि कुलूप दाबलं. खट्ट वाजलं." हिरवा. त्यांनी डोळे उघडले. "बाप्पा! मीच ठेवल्या का?"

चोर नव्हताच. इतक्या गाजलेल्या प्रकरणात एक साधा खलनायक निघू नये, याचं काही प्रेक्षकांना वाईट वाटलं. पण तोवर लोक स्टेजवर चढले होते.

साक्षीयंत्राच्या नियमावलीत पुढे दुरुस्ती झाली. पिवळा म्हणजे पाठ, खोटं नव्हे, आणि हिरवा म्हणजे माणसाला तसं वाटतं, तसं घडलं असं नव्हे, ही दोन वाक्यं डॉ. टेंभुर्णेंनी स्वतः बसून घातली. नियमावलीतली कळण्यासारखी वाक्यं तेवढीच.

यादोरावांनी मात्र फेरचाचणीच्याच दिवशी मिरवणुकीचं ठरवलं. त्यांना प्रायश्चित्त हवं होतं आणि भाषणही. मोहटोल्याच्या वेशीवर वाजंत्री उभी राहिली. पटात पहिली आलेली बैलजोडी चांदीच्या शेंब्या घालून एका छकड्याला जुंपली होती आणि त्यावर होमराज आणि देवांगना यांना बसवलं होतं. होमराजच्या गळ्यात इतके हार होते, की नाक शोधावं लागत होतं. यादोरावांनी माईक हातात घेतला, घसा खाकरला. वाजंत्रीवाल्याने तेवढ्यात ताशावर काडी मारली.

पटाच्या बैलांना ताशा ऐकून सावकाश चालायला कोणी शिकवलेलं नसतं. छकडा सुटला तो सुटलाच. यादोराव, माईक, वाजंत्री, टेकचंदने आणलेला गुलाल, सगळं धुळीत मागे पडलं. गाव संपलं, तलाव संपला, कापलेल्या धानाच्या बांध्या आल्या. होमराजने एका हाताने छकडा धरला होता आणि दुसऱ्या हाताने देवांगनाला. कासरा कोणाच्याच हातात नव्हता. शेवटी बैलांनाच शर्यत जिंकल्याची खात्री पटली आणि ते एका मोहाच्या झाडाखाली थांबले.

दोघंही धापा टाकत होते. देवांगनाच्या केसांत झेंडू अडकला होता.

"हॉल भरला होता," ती म्हणाली. "मी येईन असं वाटलं होतं तुमाले?"

"वाटलं होतं ना," होमराज म्हणाला. "खात्रीच होती."

तिने त्याच्याकडे नीट पाहिलं.

"खोटं."

"तुले कसं कळलं?"

"इतक्या सालात पहिल्यांदा तुमचा आवाज कापला," देवांगना म्हणाली आणि खळखळून हसली. "आनखी एक बोला. खोटं बोला. आयकाले बरं वाटते."